पाण्याआधीचे विरघळणे

आमच्या महाविद्यालयाच्या प्रयोगशाळेत रसायनांच्या बाटल्या वर्णानुक्रमाने मांडलेल्या असत. त्या रांगेत थायोयुरियाच्या शेजारी मी अनेक वर्षे एक रिकामी बाटली ठेवून दिली होती. तिच्यावर माझ्याच अक्षरात चिठ्ठी होती : 'थायोटिमोलीन'. दरवर्षी जूनमध्ये नव्या तुकडीतला एखादा चौकस मुलगा ती उचलून पाही आणि म्हणे, "सर, ही तर रिकामी आहे." मी गंभीरपणे म्हणे, "कुणीतरी पाणी ओतायच्या बेतात असेल." मुलगा गोंधळून इकडेतिकडे पाही. मग त्या वर्षीचा तो तास कॅटेकॉल, कोलंबिया विद्यापीठ आणि आयझॅक अ‍ॅसिमॉव्ह यांच्यात निघून जाई. अभ्यासक्रम थोडा मागे पडे, पण त्याबद्दल कुणी कधी तक्रार केल्याचे मला आठवत नाही.

थायोटिमोलीन कोणत्याही खाणीत सापडत नाही. ते सापडते 1948 सालच्या मार्च महिन्यात निघालेल्या एका अमेरिकन विज्ञानकथा-मासिकात. त्या वेळी अ‍ॅसिमॉव्ह कोलंबिया विद्यापीठात रसायनशास्त्रातली डॉक्टरेट मिळवण्याच्या खटपटीत होते. प्रयोगासाठी त्यांना वरचेवर कॅटेकॉलचे पांढरे, पिसासारखे हलके स्फटिक पाण्यात टाकावे लागत. ते पाण्याच्या पृष्ठभागाला टेकतात न टेकतात तोच दिसेनासे होत. हे पाहताना त्यांच्या मनात आले, की याहून थोडा अधिक विद्राव्य असा पदार्थ असता, तर तो पाण्याला टेकण्याच्या आधीच विरघळला असता! पुढे प्रबंध लिहायचा होता आणि प्रबंधाची ती ठोकळेबाज, कर्मणी प्रयोगाने जखडलेली भाषा हाताखाली यावी म्हणून त्यांनी या कल्पित पदार्थावर एक खोटा शोधनिबंध रचला. त्यात कोष्टके होती, आलेख होते, कधीही न निघालेल्या नियतकालिकांचे दाखले होते. पाणी ओतण्याच्या सरासरी 1.12 सेकंद आधी विरघळणारे हे पांढरे चूर्ण एका झुडपाच्या सालीपासून निघते, असे त्यात म्हटले होते. मला मात्र ते नेहमी खनिजच वाटत आले आहे. काळाशी असा खेळ करू शकणारी वस्तू झाडाच्या सालीत कशी असेल? ती कुठेतरी खोल, कातळाच्या पोटातच असली पाहिजे, असे माझे मन सांगे.

निबंध टोपणनावाने छापावा, अशी अ‍ॅसिमॉव्ह यांची विनंती होती. परीक्षक मंडळींनी तो वाचला तर आपल्या गांभीर्याविषयी त्यांना शंका येईल, ही भीती. संपादकांनी तो त्यांच्या खऱ्या नावानिशी छापून टाकला. दोन-तीन महिन्यांनी तोंडी परीक्षा झाली. परीक्षकांनी भंडावून सोडले आणि अगदी शेवटी त्यांच्यातल्या एकाने शांतपणे विचारले, की थायोटिमोलीनच्या उष्मागतिक गुणधर्मांविषयी आपण काय सांगू शकाल? अ‍ॅसिमॉव्ह यांना हसू आवरेना. नापास करायच्या उमेदवाराची कुणी अशी थट्टा करीत नाही, हे त्यांच्या ध्यानात आले होते. म्हणजे निकाल जाहीर होण्याच्या काही मिनिटे आधीच तो त्यांना कळला होता! पदार्थाने आपला गुण आपल्या कर्त्यालाच प्रथम दाखवला, असे मी वर्गात म्हणत असे आणि मुले हसत.

टोपणनावाची अशीच एक गोष्ट आपल्याकडचीही आहे. 1974 साली मराठी विज्ञान परिषदेच्या कथास्पर्धेला 'कृष्णविवर' नावाची एक कथा आली. लेखकाचे नाव होते नारायण विनायक जगताप. पहिले बक्षीस त्या कथेला मिळाले आणि मग कळले, की नावाची आद्याक्षरे उलटी लावली म्हणजे जयंत विष्णू नारळीकर होतात. एकाला लपायचे होते, त्याला लपू दिले गेले नाही. दुसऱ्याला लपता आले, पण ते केवळ आपल्या कीर्तीचा भार कथेच्या पारड्यात पडू नये म्हणून. 2025 च्या मे महिन्यात नारळीकर गेले. त्या संध्याकाळी मी फडताळातली जुनी विज्ञानकथांची पुस्तके खाली काढली. त्यांच्यात अ‍ॅसिमॉव्ह यांचे, थायोटिमोलीनवरचे दोन्ही निबंध असलेले पुस्तकही होते. ते हातात घेतले आणि चोपन्न वर्षे बाजूला ठेवलेली एक गोष्ट आठवली.

पहिला निबंध पुष्कळांना ठाऊक असतो. 1953 साली आलेला दुसरा तितका वाचला जात नाही. त्यात अ‍ॅसिमॉव्ह एक पाऊल पुढे गेले. या पदार्थाच्या कर्बाणूचा एक बंध भूतकाळात आणि एक भविष्यकाळात असतो, हे स्पष्टीकरण तर त्यांनी दिलेच. पण मुख्य मुद्दा वेगळा होता. थायोटिमोलीन आधी विरघळते ते पाणी ओतले जाणार असते म्हणून. मग ओतणाऱ्याचा निश्चय डळमळीत असेल तर? ठाम वृत्तीचा माणूस समोर असेल तर ते पुरेपूर आधी विरघळते. चाचरणारा माणूस असेल तर ते उशिरा विरघळते, किंवा विरघळतच नाही. म्हणजे या पदार्थाने पाण्याऐवजी माणूसच मोजता येतो. 'ओतू की नको' या दोन शब्दांतले अंतर सेकंदाच्या अंशांत लिहून ठेवता येते.

हे मी प्रथम वाचले 1971 साली. इंदूरला प्राध्यापकी पत्करून मला दोन वर्षे झाली होती. त्या मे महिन्यात माझे लग्न झाले होते. जुन्या वस्तीत एका वाड्याच्या माडीवर दोन खोल्या भाड्याने घेतल्या होत्या. जूनच्या दुसऱ्या आठवड्यात गावाहून अक्काचे पत्र आले.

आमचे गाव सिन्नर तालुक्यातले. अक्का माझ्याहून आठ वर्षांनी मोठी. मॅट्रिक झाल्यावर तिचे लग्न झाले आणि 1960 साली, बाविसाव्या वर्षी, ती कपाळ पुसून माहेरी परत आली. वडील आधीच गेले होते. माझे शिक्षण कसे झाले, हे मला ठाऊक आहे आणि तिच्या शिवणयंत्राला ठाऊक आहे. तिने त्या पत्रात लिहिले होते, की इंदूरच्या एका महिला-संस्थेत विधवा स्त्रियांसाठी शिक्षिका होण्याचा दोन वर्षांचा वर्ग आहे, वयाची अट पस्तीस आहे, माझी अजून दोन वर्षे शिल्लक आहेत. 'तुमच्याकडे राहून करीन म्हणते. स्वयंपाकपाण्याचे मी पाहीन. तुम्हा दोघांना अडचण होणार नसेल तरच. तुझे उत्तर आले की निघते.'

एवढेच पत्र. उत्तर एका शब्दाचे होते. मी ते बारा दिवसांनी टपालात टाकले.

त्या बारा दिवसांत विशेष काही घडले नाही. बायकोने मोकळ्या मनाने सांगितले, "येऊ देत की वन्सं." अडचण तिची नव्हती. मी खोल्यांची मापे मनाशी घेत होतो, पगाराचे आकडे जुळवीत होतो, आईचे कसे होईल असा प्रश्न स्वतःला विचारून स्वतःवरच खूश होत होतो. पत्र लिहिले ते तिसऱ्या-चौथ्या दिवशीच. पण ते आंतर्देशीय पत्र चिकटवून मी अ‍ॅप्रनच्या खिशात ठेवले आणि तिथेच राहू दिले. टपालपेटी महाविद्यालयाच्या फाटकाशी होती. रोज तिच्यावरून जात होतो. आणि त्याच आठवड्यात मी ग्रंथालयातून आणलेले ते पुस्तक वाचत होतो. माणसाचे चाचरणे सेकंदाच्या अंशांत मोजणाऱ्या पदार्थाची गोष्ट वर्गात रंगवून सांगत होतो. खिशातल्या पत्राचा आणि तोंडातल्या गोष्टीचा काही संबंध आहे, हे माझ्या लक्षात आले नाही. कदाचित आले असेल आणि मी ते येऊ दिले नसेल.

माझे पत्र गावी पोहोचण्याआधीच अक्काचे दुसरे पत्र निघाले होते. 'येण्याचा विचार रहित केला आहे. आईला एकटे टाकून येणे बरे नव्हे. तू वाईट वाटून घेऊ नकोस.' ते वाचून मला वाईट वाटले, हे खरे. पण त्याआधी, अगदी निमिषमात्र आधी, मला सुटल्यासारखे वाटले. तो निमिष मी कुणाला सांगितला नाही. पुढच्या सगळ्या वर्षांत मी स्वतःला एकच गोष्ट सांगत आलो : मी 'ये' असे लिहिले होते. उशीर झाला, पण लिहिले होते. टपालाने घात केला.

अक्का गावीच राहिली. तिने आईचे केले, गावातल्या दोन पिढ्यांची झबली-परकर शिवले, संध्याकाळी ओटीवर मुलांना गोळा करून पाढे आणि बाराखड्या घोकून घेतल्या. त्याचे तिला कुणी वेतन दिले नाही आणि हजेरीपटावर तिचे नाव कधी लागले नाही.

रसायनशास्त्राच्या माणसाला काळाचे विस्मय शोधायला कल्पित पदार्थांकडे जायची खरे तर गरज नाही. आपल्या मनगटावरच्या घड्याळातला क्वार्ट्झचा तुकडा सेकंदाला 32,768 वेळा कंप पावतो. ही संख्या पंधरा वेळा निम्मी केली की नेमका एक उरतो, म्हणून तीच निवडलेली. आणि झिरकॉन! वाळूच्या कणाएवढा हा स्फटिक जन्मताना युरेनियमला आपल्या जाळीत जागा देतो, शिशाला मात्र बहुतांशी बाहेरच ठेवतो. मग दार लागते. आतले युरेनियम आपल्या ठरल्या गतीने शिसे होत राहते. त्याच्या मुख्य समस्थानिकाला निम्मे व्हायला सुमारे 447 कोटी वर्षे लागतात. पुढे कधीतरी कुणी त्या कणातले शिसे आणि युरेनियम मोजतो आणि दार केव्हा लागले ते सांगतो. पश्चिम ऑस्ट्रेलियातल्या जॅक हिल्समध्ये असे सुमारे 440 कोटी वर्षांपूर्वीचे कण सापडले आहेत. आपल्या सह्याद्रीतल्या लाव्हाच्या थरांमधून वेचलेल्या झिरकॉनवरूनच 2015 साली प्रसिद्ध झालेल्या अभ्यासात असे दिसून आले, की दख्खनच्या ज्वालामुखीचा मुख्य उद्रेक डायनोसॉरांच्या अंतापूर्वी, म्हणजे 6.6 कोटी वर्षांपूर्वीच्या त्या सीमारेषेच्या सुमारे अडीच लाख वर्षे आधी, सुरू झाला होता. झिरकॉन काळाला वाकवत नाही. तो काळ जसा आला तसा बंद करून ठेवतो. हा गुण मला तरुणपणी नीरस वाटे. थायोटिमोलीनची गंमत त्याला नाही, असे वाटे.

गेल्या ऑक्टोबरात, 2025 च्या भाऊबीजेला, मी गावी गेलो. अक्का आता सत्याऐंशीची आहे. कान थोडे कमी झाले आहेत, डोळे मात्र सुईत दोरा ओवतील असे. ओवाळून झाले, फराळ झाला. तिच्या खोलीत खिडकीशी तिची जुनी पत्र्याची पेटी असते आणि पेटीवर एक दगड. 1957 साली आमच्या परसातली विहीर खोदताना सुरुंगाने काळा कातळ फुटला आणि त्याच्या पोकळीतून हा निघाला होता. मध्ये आवळलेल्या गव्हाच्या पेंढीसारखे त्याचे स्फटिक, मोत्यासारखी त्यांची झाक. गावात अशा सगळ्यांना गारगोटीच म्हणतात. पुढे शिकल्यावर मला कळले, की हा स्टिल्बाइट, झिओलाइटच्या कुळातला. लाव्हा थंड झाल्यावर त्याच्या पोकळ्यांतून झिरपलेल्या पाण्याने घडवलेला.

त्या दिवशी कसे कोण जाणे, मी तिला थायोटिमोलीनची गोष्ट सांगायला घेतली. पंचेचाळीस मिनिटांच्या तासाला पुरणारी गोष्ट तिच्यासाठी पाच मिनिटांत आटोपली. पाणी ओतणाऱ्याचे मन कच्चे असेल तर तो पदार्थ विरघळत नाही, हे ऐकून ती हसली. म्हणाली, "यात नवल ते काय? माणसाचंही तसंच असतं."

मी म्हणालो, "अक्का, एक विचारू? एकाहत्तर साली तू इंदूरला यायची होतीस. माझं पत्र यायच्या आधीच तू नाही म्हणून कळवलंस. का गं?"

तिने निरांजनाची वात सारली. "तुझ्या पत्राची वाट मी सातव्या दिवसापर्यंत पाहिली. इंदूरचं टपाल तेव्हा तीन दिवसांत यायचं. ज्याला 'ये' म्हणायचं असतं तो उलट टपाली म्हणतो, बाबा. आठव्या दिवशी मला उत्तर मिळालं."

"पण मी 'ये' असंच लिहिलं होतं," मी म्हणालो. आवाज माझ्या अपेक्षेपेक्षा मोठा झाला होता.

ती उठली. दगड बाजूला ठेवून तिने पेटी उघडली. आईच्या पोथीखालून एक निळे आंतर्देशीय पत्र काढून माझ्या हातात दिले. ते चिकटवलेले होते तसेच होते. इंदूरचा शिक्का अजून वाचता येत होता. "मी फोडलं नाही," ती म्हणाली. "फोडून काय करायचं होतं? 'ये' असतं तरी वर्गाची तारीख गेली होती. नसतं तर उगीच तुझ्याबद्दल मनात काही राहिलं असतं. आता तूच वाच."

मी चष्मा लावला. कडा जपून फाडली. आतले अक्षर माझेच होते, तरणेबांड आणि आत्मविश्वासाने भरलेले. पत्र पानभर होते. खोल्यांच्या अडचणींचा उल्लेख होता. आईच्या प्रकृतीची काळजी होती. शिक्षिकेच्या नोकरीतली दगदग होती, परमुलखातल्या हवापाण्याचा मुद्दा होता. शेवटची ओळ अशी होती : 'तरी सर्व बाजूंनी विचार करून तुला योग्य वाटेल तसे कर.'

'ये' हा शब्द त्या पत्रात कुठेच नव्हता. मी दोनदा वाचले. मग पत्र उलटे करून मागची बाजू पाहिली.

काळाला वाकवणारा पदार्थ मी आयुष्यभर पुस्तकात दाखवीत आलो. तो माझ्याच कवटीत चोपन्न वर्षे काम करीत होता. त्याने एक न लिहिलेला शब्द मागे जाऊन त्या निळ्या कागदावर लिहिला होता, आणि इतक्या सफाईने, की शपथेवर सांगायची वेळ आली असती तर मी सांगितले असते. आणि इकडे या पत्र्याच्या पेटीत, दगडाखाली, दार लावलेला एक कण पडून होता. जो उघडला की जून 1971 तंतोतंत, एक अक्षर इकडे-तिकडे न होता, बाहेर यावा. अक्काने मला माझ्यापासून वाचवले होते. पत्र न फोडून तिने त्या मुलाला संशयाचा फायदा दिला होता; तो फायदा मी तिच्यादेखत स्वतःच्या हाताने फाडला.

"काय लिहिलंय?" तिने विचारले.

खोटे बोलणे सोपे होते. तिला लांबचे ऐकू येत नाही आणि चष्म्याशिवाय तिला ते फिकट अक्षर लागले नसते. हाताशी असलेले ते एक अक्षर मी उच्चारले असते तर तिचाही भूतकाळ बदलला असता, आणि कुणास ठाऊक, गोडही झाला असता. मी तिच्या कानाशी वाकून पूर्ण पत्र वाचून दाखवले. शेवटच्या ओळीसकट. या वेळी मला वेळ लागला नाही, एवढेच स्वतःच्या बाजूने सांगण्यासारखे आहे.

ती काही वेळ खिडकीबाहेर पाहत राहिली. मग म्हणाली, "अक्षर किती छान होतं तुझं." आणि थोड्या वेळाने, "माझं काही अडलं नाही रे. पण शिकवायला मला आवडलं असतं. हजेरी घ्यायला आवडलं असतं." तिने पत्र परत मागितले नाही. निघताना तो दगड मात्र कागदात गुंडाळून माझ्या पिशवीत घातला. म्हणाली, "याच्याखाली ठेवायला आता काही उरलं नाही. तुझ्या नातीला दे."

झिओलाइट हे नाव 1756 साली क्रॉन्स्टेट नावाच्या स्वीडिश खनिजशास्त्रज्ञाने दिले. असा एक दगड तापवला असता तो उकळल्यासारखा फसफसला आणि त्याच्यातून वाफ निघाली, म्हणून ग्रीक भाषेतून त्याने 'उकळणारा दगड' असा शब्द घडवला. कोरड्या, कठीण दिसणाऱ्या त्या स्फटिकाच्या जाळीतल्या पोकळ्यांमध्ये पाणी मुळातच बसलेले असते. ते पाणी गेले तरी जाळी पुष्कळदा शाबूत राहते आणि संधी मिळाली की पुन्हा पाणी धरते.

इंदूरला परत आल्यावर नातीने दगड पाहिला आणि प्रयोगाचा हट्ट धरला. ती सातवीत आहे. मी दगडाच्या तळाचा एक लहानसा कपचा काढला, परीक्षानळीत टाकला आणि नळी आडवी धरून स्पिरिटच्या दिव्यावर हळूहळू तापवली. थोड्या वेळाने नळीच्या वरच्या, थंड भागात आतून धुके जमले. मग त्याचे थेंब झाले आणि काचेला चिकटून राहिले. नात डोळे मोठे करून पाहत होती.

"आजोबा, पाणी कधी घातलंत?"

मी दिवा विझवला. थेंब अजून काचेवर होते. त्यांतला एक ओघळण्याच्या बेतात होता, पण ओघळला नव्हता. उत्तर देण्याआधी मी फोन उचलला आणि गावचा नंबर लावला. अक्काला ऐकू जावे म्हणून मोठ्याने सांगितले, की नाताळच्या सुट्टीत नात तुझ्याकडे पंधरा दिवस राहायला येते आहे, गणित कच्चे आहे, तुझ्या ओटीवर तिची रोज हजेरी घे.

पलीकडून आधी काहीच आवाज आला नाही. मग तिने विचारले, "वही कुठली आणू? लांब की चौकोनी?"